सात नंबरची नोटीस

चौफुल्याला शिरूरची एसटी लागली की खिडकीतून रुमाल टाकून जागा धरायची, ही तिथली रोजचीच तऱ्हा. त्या सोमवारी मोनिकाने ओढणी टाकली आणि नेमकी त्याच सीटवर कुणाची तरी फाईल येऊन आदळली. झालं! दोघं भांडत चढले, भांडत शेजारी बसले, आणि त्याचं उतरायचं गाव न्हावरं येईपर्यंत चक्क हसत होते.

मग ते रोजचंच झालं. कुरकुंभच्या कंपनीतली रात्रपाळी संपवून तो घरी निघालेला असायचा, ती शिरूरच्या ऑफिसला. नाव मात्र कुणीच विचारलं नाही. तो तिला तिच्या गावावरून ‘भांडगाव’ म्हणायचा, ती त्याला त्याच्या गावावरून ‘न्हावरं’. नाव कळलं की गंमत जाती, हे त्याचं म्हणणं. तिने नुसतं वळून पाहिलं तरी गडी बोलता बोलता अडखळायचा... आणि तो दिसला नाही की हिचा अख्खा दिवस बेचव जायचा.

सरकारी लिपिक म्हणून लागून तिला जेमतेम चार महिने झाले होते. त्यांच्या कोकरे वस्तीवरची ती पहिली सरकारी नोकरी.

आणि एका रविवारी हा बाबा थेट तिच्या दारात! मोनिका जागच्या जागी थिजली. हा इथं कसा? पत्ता कुणी दिला? आई काय म्हणेल?

त्याचाही चेहरा पांढराफटक. हातातल्या लिफाफ्याकडे बघत तो कसाबसा म्हणाला, “मोनिका ज्ञानू कोकरे... इथंच ऱ्हात्यात?”

“मीच की.”

तो मटकन ओट्यावर बसला. सत्यजीत त्याचं नाव. तिच्याच लिपिक भरतीच्या पहिल्या यादीत तो चौथा होता. महिनाभराने दुसरी यादी लागली आणि त्याचं नाव गायब. ना नोटीस, ना विचारणा. म्हणून त्याने कोर्टात दावा लावला होता. दुसऱ्या यादीतून लागलेले सगळे त्यात प्रतिवादी, आणि सातवी होती मोनिका. नोटीस दावा लावणाऱ्यानेच हातोहात द्यायची आणि सही आणायची, असा कोर्टाचा हुकूम.

पहिली यादी? मोनिकाला तर अशी काही यादी होती हेच ठाऊक नव्हतं. तिच्या पायाखालची जमीनच सरकली. चार महिने ज्या खुर्चीवर ती ऐटीत बसत होती, ती याची होती?

“पत्ता सापडला न्हाई असं लिहून देतो,” तो लिफाफा खिशात कोंबत म्हणाला. “दावाच काढून घेतो. तुमची नोकरी घालवून मला—”

“आणा इकडं.”

“अवो, नोकरी जाईल तुमची.”

“जाईल न्हाईतर ऱ्हाईल. तुम्हाला कुणी इचारलं न्हाई, तसंच मलाबी न इचारता तुम्ही ठरवणार व्हय?”

तिने त्याच्या खिशातून लिफाफा ओढून घेतला. डोळे भरून आले होते, तरी तिने पोचपावतीवर नाव लिहिलं, तारीख टाकली, वेळसुद्धा टाकली.

आतून आईने, अनसाबाईंनी, विचारलं, कोण आलंय गं?

मोनिकाने पावती त्याच्या हातात ठेवली, पण बोटं काही सोडवून घेतली नाहीत.

“नोकरीचं कोर्ट ठरवील,” ती हळूच म्हणाली. “तुमचं... माझं ठरलंय.”

तोवर आई दारात येऊन उभी होती, आणि मोनिकाने तिच्यासमोरही हात सोडला नाही.