नाव घातलेली वाटी

उचगावच्या पूर्णिमाच्या पोराला सगळी गल्ली दगडू म्हणायची. असलं नाव कुणी हौसेनं ठेवत नाही. त्याच्या आधीची मुलगी जन्मल्यावर बारा दिवसांच्या आतच गेली, तिचं बारसंसुद्धा झालं नाही. म्हणून या वेळी सासूनं, तानाबाईनं, बजावून ठेवलं होतं, "वरीस भरूस्तवर खरं नाव तोंडातनं काढायचं न्हाय. नाव ठाऊक नसलं की न्यायला येणारं दारातनंच माघारी जातंय."

पूर्णिमा शिकलेली, पण एकदा हात पोळलेली. तिनं मुकाट ऐकलं. बारशाला नणंद क्रांतीनं बाळाच्या कानात कुर्र केलं आणि ऋतुराज हे खरं नाव त्या दोघींपाशीच राहिलं. जन्मदाखल्यावरही नावाची जागा कोरी होती. वर्ष भरलं की पोराला जोतिबावर न्यायचं, मग नाव उघड करायचं, असं ठरलं होतं.

सहा दिवस उरले होते. दुपारी भांडी लावताना पूर्णिमाच्या हाताला एक नवीच वाटी लागली. काठावर बारीक टिंबांनी नाव घातलेलं, 'चि. ऋतुराज'.

तिला क्रांतीचाच संशय आला. ही बया पहिल्यापासून तोंडाची सैल. तिनं फोन लावून तिला फैलावर घेतलं.

"वहिनी, दगडूची शपथ," क्रांती म्हणाली. "माझ्या नवऱ्यालाबी ठाऊक न्हाय. तुम्हीच कुठं बोलला न्हाईसा न्हवं?"

मग सासूवर मन गेलं. बारशाला म्हातारी पाळण्याला अगदी खेटून उभी होती. पण तानाबाईला वाचता येत नव्हतं. वाटी हातात घेऊन ती एवढंच म्हणाली, "कुणाच्या लगनातली गं ही?"

दगडूला कडेवर आणि वाटी हातात घेऊन पूर्णिमा पिराजीच्या भांड्यांच्या दुकानात गेली. भांड्यांवर नावं घालणारा जवळपास तोच एक होता.

"व्हय, माझंच काम हाय," पिराजी म्हणाला. "काल दुपारी एक पोरगी आलती. चारेक वर्सांची, एकटीच... एवढ्या उनात अंगाभवती पिवळं दुपटं. तुमच्याच तोंडावळ्याची. तुमची न्हवं व्हय?"

पहिली असती तर आता चार वर्षांची असती. पिवळ्या दुपट्यातच तिला मातीत ठेवलं होतं.

"बुडाला बघा की. तिनं सवताचंबी नाव घालून घेतलंया."

तिनं वाटी उलटी केली. 'भैरवी'. पहिल्या वेळी दिवस गेलेले असताना हे नाव तिनं मनातल्या मनात ठरवलं होतं. नवऱ्यालासुद्धा कधी सांगितलं नव्हतं. लेकीच्या मायेनं तिचा ऊर भरून आला, आणि त्याच लेकीची तिला भीती वाटली.

"आणि काय म्हणाली ती?" तिनं हळूच विचारलं.

"आज येणार म्हणाली... भावाला न्यायला."

पूर्णिमानं पोराला छातीशी घट्ट धरलं. "दगडू," तिनं हाक मारली. "दगडू, हिकडं बघ..."

त्यानं वळूनही पाहिलं नाही. तो दुकानाच्या रिकाम्या पायरीकडे बघून हसत होता, आणि कुणीतरी घ्यावं म्हणून त्यानं दोन्ही हात पुढं केले होते.