दुसरा बाण

पाय मुरगळला म्हणून नकाशे काढणाऱ्या बाई आठवडाभर घरूनच काम करत होत्या. दुपारचं जेवण उरकून त्यांनी घरच्या संगणकावरून ऑफिसचा संगणक उघडला. एका शाळेच्या जिन्याची मापं संध्याकाळपर्यंत द्यायची होती.

ही युक्ती काकांनी शिकवलेली. काका म्हणजे त्यांचे वरिष्ठ. दोघांनी सत्तावीस वर्षं शेजारी बसून रेघा ओढल्या. "राउटर बाहेरच्या कुणाला सरळ आत घेत नाही," काका सांगायचे. "म्हणून दोन्ही संगणक आपणहून बाहेर पडतात आणि मधल्या सर्व्हरवर भेटतात. आपण कोपऱ्यावर चहाला भेटतो ना, तसंच." निवृत्तीनंतर काकाही घरून ऑफिसच्या त्याच संगणकाला जोडले जायचे. पडद्यावर त्यांच्या माउसचा बाण यायचा आणि बाईंच्या एखाद्या रेघेभोवती दोन गिरक्या घ्यायचा. म्हणजे रेघ चुकली. बाई जीभ चावून ती पुसायच्या.

काकांना जाऊन आता आठ महिने झाले होते.

पायरीची उंची टाकताना बाईंच्या बाणाशेजारी दुसरा बाण आला. दोन गिरक्या. पायरी खरोखरच चुकली होती.

बाईंच्या अंगावर सर्रकन काटा आला, आणि डोळेही भरले. जोडलेल्यांच्या यादीत काकांच्या घरचा संगणक दिसत होता. त्यांनी काकूंना फोन लावला.

"काकू, काकांचा संगणक कुणी लावलाय का?"

"नाही गं. राउटर तर मी केव्हाच परत देऊन टाकला." मग काकू आवाज खाली आणून म्हणाल्या, "दुपारी त्यांच्या खोलीतून बटणांचा आवाज येतो... मी आत जात नाही. म्हटलं, तुझ्याबरोबर काम करत असतील. करू देत..."

फोन ठेवला तोवर बाणाने नवा कागद उघडला होता. लांबट खोली, उत्तरेला तीन खिडक्या. दोघांचं पहिलं ऑफिस होतं ते. इमारत पाडूनही कितीतरी वर्षं लोटली होती. शाईचा आणि खोडरबराच्या चुऱ्याचा वास एकाएकी नाकात भरला. खिडकीशी काकांचं टेबल उमटलं, त्यांची खुर्ची उमटली. मग शेजारचं टेबल. तिथे बाई बसायच्या.

"काका... नको..."

लंगडत जाऊन त्यांनी राउटरची वायर उपटली. हिरवा दिवा विझला.

पडद्यावरची रेघ थांबली नाही. शेजारच्या टेबलाशी हळूहळू दुसरी खुर्ची तयार होत होती, कुणाला बसता यावं म्हणून जराशी मागे ओढलेली.