लांब स्क्रूची जागा

शनिवारी दुपारी तीन चाळीसला ती स्वतःच्या गाडीत उलटी झोपली होती. पाठ ड्रायव्हरशेजारच्या सीटसमोर, पाय ठेवायच्या जागेत. पाय सीटच्या पाठीवरून वर. एका पायात मोजा, दुसऱ्यातला निसटून मागच्या सीटवर. डोक्याला दवाखान्यातला दिवा. हीटरचा पंखा काढायचं काम चालू होतं.

पंखा गुरुवारी सकाळी बंद पडला. थंडीत काच बंद करून गाडीत दोन मिनिटं बसलं तरी श्वासाने समोरची काच पांढरी व्हायची, आणि ती साफ ठेवणारा तो एकच उपाय होता. गॅरेजवाले वस्ताद म्हणाले, "डॉक्टर, नऊ गाड्या उघड्या पडल्यात माझ्याकडे. पुढच्या शनिवारी आणा." पुढचा शनिवार तिच्या उपयोगाचा नव्हता. घाटापलीकडच्या इस्पितळात दातांच्या डॉक्टरची एकच जागा होती, दोन वर्षांची. सोमवारी सकाळी नऊला ती हजर झाली नाही, तर जागा यादीतल्या पुढच्याला जाणार होती. म्हणजे रविवारी निघायला हवं. घाटात धुकं, आणि पंखा नाही. तिने दुकानातून नवी मोटर आणली आणि बाह्या सरसावल्या. रोज अनोळखी माणसांच्या तोंडात हात घालणाऱ्या बाईला गाडीच्या तोंडाची कसली भीती?

समोरचा कप्पा काढून झाला होता. त्याखालचं काळं झाकणही. आता वर, अंधारात, मोटरची गोल बैठक दिसत होती. ती तीन स्क्रूंवर टांगलेली.

"मदत करू?"

आवाज बाहेरून आला. तिला फक्त बूट दिसले. तपकिरी, नाड्या नीट बांधलेल्या.

"कोण?"

"समोरच्या तळमजल्यावरचा. कान तपासतो मी."

"माझे कान ठीक आहेत."

"हो, ते… दिसतंय. मी गाडीचं म्हणत होतो."

पाटी तिला माहीत होती. तिची आई त्याला 'कानवाला' म्हणायची. ऐकू कमी येणाऱ्यांना तपासणारा, कानामागे यंत्र बसवून देणारा. दोन वर्षांत बोलणं झालेलं, एकदा: "तुमचं पत्र चुकून आमच्याकडे आलं."

"बॅटरीची वायर काढलीत ना?" बुटांनी विचारलं.

"काळी वायर आधी काढली. मी सुन्न केल्याशिवाय पकड लावत नाही कुणाला."

बूट हसले. म्हणजे टाचा जराशा उचलल्या गेल्या. तिला उगीच गंमत वाटली.

"आलाच आहात तर तो ट्रे धरा," ती म्हणाली. "मी एकेक स्क्रू देते. ट्रेमधल्या चिकटपट्टीवर नावं लिहिलीत, त्यासमोर चिकटवायचा. हलवायचा नाही, शिंकायचं नाही."

"आणि श्वास?"

"घ्या. पण मापात."

पहिला स्क्रू निघाला, आखूड. त्याने तो 'खालचा' या शब्दासमोर चिकटवला. दुसराही आखूड, तो 'वर-डावा'. तिसरा पार मागे, बैठकीआड, सरळ दिसतच नव्हता. तिने खिशातून दात बघायचा छोटा गोल आरसा काढला, आत सरकवला आणि सवयीने पुटपुटली, "जरा मोठा आ करा बघू…"

तो हसला. या वेळी तोंड उघडून, मोकळं. तिच्या हातातला आरसा तिरका झाला आणि त्यात स्क्रूऐवजी त्याचं तोंड आलं. त्या माणसाचं तिला झालेलं पहिलं जवळून दर्शन म्हणजे खालच्या रांगेतली एक दाढ.

"किडली आहे," ती म्हणाली.

"मोटर?"

"तुमची दाढ. डावीकडची, खालची."

तोंड मिटल्याचा आवाज ऐकू येऊ शकतो, हे तिला तेव्हा कळलं.

"दुखत नाही," तो ओठ मिटूनच म्हणाला.

"दुखते. तुम्ही उजव्या बाजूने चावता. गालावरून कळतं."

"तुम्ही उलट्या पडून माझा गाल बघताय?"

"दुसरं आहे काय इथे बघायला!" म्हणून टाकलं, आणि मग तिचे स्वतःचेच गाल गरम झाले. उलटं पडल्यामुळे असेल. "सोमवारी या दवाखान्यात. घाबरू नका, मी—"

ती थांबली. सोमवारी ती इथे नव्हती.

तिसरा स्क्रू निघाला. लांब, इतर दोघांच्या जवळजवळ दुप्पट. त्याच्यासोबत वायर धरणारी पट्टी सुटली. 'वर-उजवा.' मग तिने वायरच्या जोडाची जीभ दाबली, जोड ओढला, आणि मोटर आपल्याच वजनाने खाली आली. मोटर, तिचा पिंजऱ्यासारखा पंखा, आणि सात हिवाळ्यांची वाळकी पानं, धूळ, एक चॉकलेटचा कागद. सगळं थेट तोंडावर.

त्याने तिला हात धरून बाहेर ओढलं. खिशातला रुमाल पुढे केला. ती उभी राहिली तेव्हा भुवयांवर पानांचा चुरा होता, आणि तो हसू दाबायचा इतका मनापासून प्रयत्न करत होता की दाढ नक्कीच दुखली असणार.

"हसा," ती म्हणाली. "फुटाल नाहीतर."

वरून खिडकी उघडली. दुसरा मजला, आई.

"चिमणे! आधी तोंड धू. माणूस घाबरून पळेल!"

"आई…"

"अहो, चहा घेता का? घ्याच. उद्या सकाळी ही निघाली घाटापलीकडे, दोन वर्षांसाठी, आणि बघा अवतार! लोक म्हणतील डॉक्टर आली की चुलीतनं मांजर!"

खिडकी मिटली. त्याच्या हातातला ट्रे जसाच्या तसा होता, एक स्क्रू हलला नव्हता. पण तो ट्रेकडे बघत राहिला… जरुरीपेक्षा जास्त वेळ.

"उद्या?" त्याने विचारलं.

"सातला."

"अच्छा." मग थोड्या वेळाने, "मग पंखा आजच व्हायला हवा."

एवढंच म्हणाला आणि कोटाच्या बाह्या दुमडल्या. तिला काय हवं होतं, तिलाच ठाऊक नव्हतं. पण 'अच्छा' नक्कीच नको होतं.

नवी मोटर वर धरायला दोन हात लागत होते आणि स्क्रू पिळायला तिसरा. म्हणून दोघंही आत. ती खाली झोपून तळव्यांनी मोटर पेलत होती, तो दारातून वाकून चिकटपट्टी वाचत एकेक स्क्रू लावत होता. त्याचं कोपर तिच्या खांद्याला टेकलं. "सॉरी." पुन्हा टेकलं. या वेळी सॉरी कुणीच म्हणालं नाही.

"तिथे बरं वाटेल तुम्हाला?" त्याने पेचकस फिरवत विचारलं.

"चार गावांत मिळून एक खुर्ची आहे तिथे. लोक दाढेला दोरी बांधून दाराला अडकवतात म्हणे."

"मग जायलाच हवं."

"हो ना," ती म्हणाली. वाद घातला असता तर बरं झालं असतं.

चार पन्नासला बॅटरीची वायर जोडली. बटण एकवर. पंखा फिरला! काचेवर ऊब आली. तिने टाळी वाजवली, आणि बघते तर तो डोळे मिटून उभा.

"काय झालं?"

"श्श… ऐका."

सायकलच्या चाकात पुठ्ठा अडकवल्यावर येतो तसा, पण फार बारीक, टर्र… टर्र… टर्र…

"मला नाही वाटत काही—"

"लोखंड आहे. पात्याला घासतंय. कुठला तरी स्क्रू आत जास्त गेलाय."

"लांब स्क्रू कुठे लावलात?"

"वर-उजव्यात. तुम्हीच लिहिलंय."

तिने आत डोकावून पाहिलं आणि कपाळावर हात मारला. "अहो, तो उजवा नव्हे!"

"उजवा नव्हे?" त्याने आपला उजवा हात वर केला, खात्री करायला.

"तुमचा उजवा नव्हे. मी पेशंटचा उजवा लिहिते. पेशंट माझ्यासमोर तोंड करून असतो, त्याचा उजवा म्हणजे माझा डावा. अकरा वर्षांची सवय आहे."

"मोटर तुमची पेशंट?"

"आ करून बसली होती की!"

आता तो खरंच हसत सुटला, दाढेची पर्वा न करता, आणि तीही गाडीला टेकून हसत बसली. "म्हणजे," तो डोळे पुसत म्हणाला, "किडलेली डावी दाढ माझ्या डावीकडची की तुमच्या?"

"तुमच्या! आणि लपवू नका."

पुन्हा सगळं खोलावं लागलं. पण आधी तो समोर जाऊन दोन पेनं घेऊन आला, लाल आणि निळं. "आमच्याकडे भांडणच नाही. उजवा कान लाल, डावा निळा, जगात कुठेही." मोटर खाली उतरवल्यावर त्याने भोकाशेजारी ठिपके दिले: लांब स्क्रूच्या भोकाला लाल, शेजारच्याला निळा. "आता झोपेत लावलात तरी चुकणार नाही."

सहा वाजता पंखा पुन्हा चालू केला. एक, दोन, तीन, चार. काचेवरचा पांढरा पडदा खालून वर विरत गेला. तो बाहेर उभा होता, काचेच्या पलीकडे. आधी त्याचे हात दिसले, मग कोट, मग चेहरा. तो तिच्याकडे बघत होता आणि हसत नव्हता.

तिने दार उघडलं. "काय ऐकू येतंय?"

"काहीच नाही."

"मग चांगलंय की."

"चांगलंच आहे…" त्याने दाराच्या कडेवर बोट फिरवलं. "तुमचा जुना पंखा चिरकायचा. आठ दहाला गाडी सुरू, आठ अकराला चिर्र. माझी खिडकी इथेच आहे. दोन हिवाळे ऐकलाय. माझा दिवस त्यावर सुरू व्हायचा."

तिने हात लांबवून पंखा बंद केला.

"गुरुवारी गाडी सुरू झाली आणि चिर्र आलंच नाही. शुक्रवारीही नाही. म्हटलं, गाडी विकली की काय. आज तुमचे पाय दिसले म्हणून आलो. म्हणजे… सहज चाललो नव्हतो मी तिथून."

"दोन हिवाळ्यांत एकदा तरी खाली यायचं होतं," ती हळू म्हणाली.

"पंखा चिरकतो, हे सांगायला कोण येतं?"

"काहीही सांगायला आला असतात तरी चाललं असतं."

आईने वरून तिसऱ्यांदा चहाला हाक मारली. चहा झाला. आईने त्याला दोन कप पाजले आणि त्याच्या पगारापासून गुडघ्यांपर्यंत सगळी चौकशी केली. निघताना त्याने जुनी मोटर मागितली. "भंगारात टाकणार असाल तर…" तिने ती धुळीसकट त्याच्या हातात दिली. थांबा, असं त्याने म्हटलं नाही. या, असं तिनेही म्हटलं नाही.

रविवारी सात पाचला ती निघाली. घाटात धुकं होतं, काच लख्ख राहिली, पंख्याने हूं की चूं केलं नाही. पाच तास ती त्या शांततेवर चिडत गेली.

सोमवारी ती वेळेआधी हजर झाली. एकवीस पेशंट. सगळ्यांचं लिहिताना उजवं-डावं अगदी बरोबर.

मंगळवारी संध्याकाळी सव्वापाचला, इस्पितळाच्या मागच्या आवारात, तिने गाडीच्या बॅटरीची काळी वायर काढली. समोरचा कप्पा खोलला. डोक्याला दिवा लावून उलटी झोपली. आरसा आत सरकवला, लाल ठिपका शोधला, लांब स्क्रू काढला, आणि तो निळ्या ठिपक्याच्या भोकात पिळला. निळ्यातला आखूड लाल भोकात. सगळ्याला पस्तीस मिनिटं लागली. मग वायर जोडून, पंखा चालू करून तिने त्याला फोन लावला.

"पंखा वाजतोय," ती म्हणाली. हे खोटं नव्हतं.

"वाजतोय? कसा?"

तिने फोन वाऱ्याच्या झरोक्याशी धरला. टर्र… टर्र… टर्र… मग परत कानाला लावला.

"ऐकलंत?"

"ऐकलं. लांब स्क्रू निळ्यात आहे."

"असं?"

"ठिपके मी दिलेत. आपोआप तो तिकडे जाणार नाही."

"नाही जाणार."

"मग… मग कुणी लावला?"

"तू ये आणि बघ," ती म्हणाली. 'तू' तोंडातून कसं निघालं, तिचं तिलाच कळलं नाही. परत घ्यावं असंही वाटलं नाही.

बराच वेळ फक्त टर्र. मग तो म्हणाला, "असा आठवडाभराहून जास्त चालवू नकोस. पातं झिजेल."

"मग आठवड्याच्या आत ये. इथे वस्ताद नाही."

"शनिवारी पहिली बस आहे. अकरा वीसला पोचते." आणि मग घाईघाईने, "दाढही दुखतेय. खरंच."

"कुठली?"

"माझ्या डावीकडची."

शनिवारी अकरालाच ती बसथांब्यावर होती. गाडी बंद केली नाही. अकरा वीस झाले. अकरा चाळीस झाले. थांब्याच्या तिकीट-खिडकीतला नोंदवहीवाला म्हणाला, "ताई, घाटाखालच्या चौकीवरून बस दहा पस्तीसला सुटलीय. त्यापुढचं मला काय विचारता? वर धुकं आहे."

ती परत गाडीत येऊन बसली. शेजारच्या सीटवर ट्रे होता, नवी चिकटपट्टी लावलेला, नाव एकही न लिहिलेला. तिने पंखा दोनवर केला. टर्र… टर्र… टर्र… काच खालून वर साफ होत गेली. आधी रस्त्याचा काठ, मग वळण. अकरा पन्नासला वळणापर्यंत स्वच्छ दिसत होतं, आणि वळणावर अजून कोणी नव्हतं.