माळ्यावरचं बूच

"मांजर उद्या जाणार म्हणजे जाणार," मामानं कुरतडलेली वही टेबलावर आपटली. "उंदरांनी तीन वह्या फस्त केल्या आणि ही बया उन्हात लोळतेय."

ठिणगीची कानशिलं तापली. ती सुट्टीला मामाकडे आली की बोकी मांजर तिच्याच उशाशी झोपायची. आणि वह्यापुस्तकं बांधायचा कारखाना चालवणाऱ्या या मामानंच बोकीला माळ्यावर बंदी केलेली, पुठ्ठ्यांवर पंजे उमटतात म्हणून.

"चोर सोडून संन्याशाला फाशी. उंदीर येतात कुठून ते बघितलंस का, मामा?"

"माळ्याच्या कोपऱ्यातल्या भोकातून. बांबूनं पुठ्ठ्याचं बूच ढोसून मी स्वतः बुजवलंय. तीनदा."

"तीनदा का बुजवावं लागलं?"

मामा ओरडला. "आत माणूस मावत नाही, मोठी आली शहाणी."

माणूस मावत नव्हता. ठिणगी मावली. मामेभाऊ ढोल्यानं शिडी धरली.

"अडकलीस तर पाय धरून ओढीन."

"तू शिडी धर. वजनाचा तेवढाच उपयोग."

दातात बॅटरी धरून ती सरपटत निघाली. नाकातोंडात धूळ, डोक्याला वासे. छप्पर जिथं खाली टेकतं, तिथं ते भोक. भोवती पुठ्ठ्याचे तुकडे, सगळे चावलेले. तिनं एक हुंगला. तो मुठीत धरून ती तशीच मागं सरपटली.

खाली येऊन तिनं तो मामापुढे टाकला. "हे बूच कशानं चिकटवलंस?"

"खळीनं. एकदा वाळली की दगड."

"खळ कशाची?"

"गव्हाच्या पिठा..." मामानं तो तुकडा उचलून स्वतःच हुंगला.

"तीनदा पंगत वाढलीस उंदरांना. आणि घराबाहेर काढतोयस बोकीला."

पुस्तक शिवता शिवता मामीची सुई थांबली. "जन्मभर खळ शिजवली, पण हे काही शिजलं नाही तुमच्या डोक्यात."

शेजारच्या गवंड्यानं घमेल्यात सिमेंट आणि काचांचा चुरा कालवून दिला. हातमोजे घालून ठिणगीनं भोक बुजवलं, मग बोकीला वर सोडलं. दोन दिवस माळ्यावर धुमाकूळ चालला. तिसऱ्या दिवशी चिडीचूप.

"अख्ख्या कारखान्यात डोकं एकच," मामा म्हणाला, "तेही सुट्टीपुरतं आलेलं. चुकलं माझं, पोरी."

ठिणगीचा राग उतरला नव्हता. "मला काय सांगतोस? जिला बोललास तिला सांग."

मामा शिडी चढला. माळ्याच्या दारात बोकी मिश्या पुसत बसली होती.

"चुकलं बाई," मामा म्हणाला.

बोकीनं त्याच्याकडे पाठ फिरवली आणि कोऱ्या पुठ्ठ्यांवरून पंजे उमटवत सावकाश आत निघून गेली. मामानं माळ्याचं दार उघडंच ठेवलं.