पहिल्यांदा समुद्र

गारा सुरू झाल्या आणि समुद्रदिनाची अख्खी मिरवणूक माझ्या गाडीच्या ताडपत्रीखाली घुसली. शाळेची पोरं, बँडवाले, आणि गळ्यात कॅमेरा अडकवलेला एक लंबूटांग.

मी जांभळ्या मक्याच्या गरम अपीचा पेला त्याच्या हातात दिला. दोन घोटांत संपवून तो तसाच उभा!

“कासेरिता, थोडं वरचं नाही देणार?” नेहमीच्या विक्रेतीला लाडाने हाक मारतात तशी त्याने मारली.

“पहिल्याच दिवशी वरचं? आधी नेहमीचं गिऱ्हाईक तर हो!”

“होतो की. उद्या येतो, परवा येतो… पण थंडी आज वाजतेय ना!”

दिलं. काय करणार… हसताना त्याच्या गालाला खळी पडत होती.

त्याचं नाव रेनान. सिनेमा करत होता, पण त्यात ना गोष्ट, ना नट. लोकांच्या कानांना हेडफोन लावायचा, लाटांचा आवाज ऐकवायचा आणि त्यांचे मिटलेले डोळे टिपायचा. आमच्या देशाचा समुद्र चिलीने लढाईत घेतला त्याला शंभरावर वर्षं झाली, तरी ला पाझमध्ये आम्ही दर मार्चला त्याच्यासाठी मिरवणूक काढतो, गळे काढतो. “न पाहिलेल्या समुद्रासाठी रडणारे आपण नेमके कोण, एवढंच मला शोधायचंय,” तो म्हणायचा.

तो रोज येऊ लागला, मी रोज वरचं देऊ लागले. आईच्या लक्षात आलंच. “तो अपी प्यायला येत नाही, आणि तू अपी विकायला बसत नाहीस,” ती म्हणाली.

एकदा पेला परत देताना त्याने माझी बोटं सोडलीच नाहीत.

“योला, तू समुद्र पाहिलायस?”

“पाहिलाय की. नकाशात.”

“मग चल, सीमेपलीकडे आरिकाला जाऊ. तू आणि मी.”

तू आणि मी! पुढचं मला काही ऐकूच आलं नाही.

बस डोंगर उतरू लागली तसे माझे कान दुखायला लागले. रेनानने दोन्ही तळव्यांनी ते झाकून धरले. किती सुखात होते मी… वेडीच.

किनाऱ्यावर मला एका भिंतीआड थांबवून तो पुढे पळाला, कॅमेरा लावला, हात हलवला. मी भिंतीआडून बाहेर आले. समोर समुद्र होता म्हणे. मला रेनानच दिसत होता – वाऱ्याने केस विस्कटलेला, एक डोळा मिटून वाकलेला. मी थेट त्याच्याकडे चालत गेले आणि म्हणून टाकलं, “माझं तुझ्यावर प्रेम आहे.”

त्याने डोकं वर काढलं.

“अगं योला, माझ्याकडे काय बघतेस? तिकडे बघायचं ना! शेवटचा शॉट आहे. आयुष्यात पहिल्यांदा समुद्र बघणारा चेहरा मला परत कुठे मिळणार?”

“मी काय म्हणाले, ऐकलंस?”

“ऐकलं गं…” त्याने नजर चुकवली. “तू गोड आहेस. पण – आधी हे होऊ दे. ऊन जातंय.”

पायाखालची वाळू सरकते म्हणतात, ती खरोखरच सरकत होती.

“जा, पुन्हा भिंतीमागून ये. पहिल्यांदाच बघतेयस असं.”

मी गेले. परत आले. या खेपेला मात्र समुद्र पाहिला. केवढा होता… आणि एवढ्या मोठ्या जगात माझं म्हणावं असं कुणी नव्हतं. डोळे घळाघळा वाहू लागले, थांबेचनात.

“असंच… असंच राहा!” रेनानचाही आवाज भरून आला होता. “हाच तो चेहरा. हाच आपला देश! पुसू नकोस गं, योला…”

मी पुसले नाहीत.