ग्लिनवेनची गाडी

त्र्यंबककाका गेले आणि महिन्याभराने पार्सिपनीहून त्यांच्या मुलीचा, नेत्राचा फोन आला. "परीक्षितदादा, घर सेल झालंय. बेसमेंटमधली बाबांची मॉडेल रेल्वे तेवढी काढून न्याल का, प्लीज? मला तिला हात लावायचा धीर होत नाही." परीक्षित म्हणाला, त्यात काय, शनिवारी दुपारी जातो. स्वानंदीने, त्याच्या बायकोने, त्याला शॉमबर्गच्या त्या घराशी सोडलं आणि छोट्या नैनाला घेऊन ती डेव्हन ॲव्हेन्यूला किराण्याला गेली. परत येताना ती त्याला घेऊन जाणार होती. काम इतकं साधं होतं.

आता माणसाला वेड कशाचं लागावं याला काही धरबंध नसतो. काका मूळचे साताऱ्याचे, हयात गेली अमेरिकेत, आणि जीव जडला होता ब्रिटनमधल्या जुन्या रेल्वे कंपन्यांवर. तिकडे एके काळी म्हणे शंभरावर कंपन्या होत्या. एकेका खोऱ्याची आपली वेगळी. कुणाचं इंजिन हिरवं, कुणाचं निळं, गार्डच्या कोटाची बटणंसुद्धा निराळी. १९२३ मध्ये त्या सगळ्यांची मोट बांधून चार मोठ्या कंपन्या केल्या गेल्या. काकांचं प्रेम होतं ते ग्लिनवेन नावाच्या एका चिमुकल्या वेल्श कंपनीवर. तिची इंजिनं वांगी रंगाची. "पाट्या पुसल्या, इंजिनं रंगवून टाकली," काका म्हणायचे, "पण त्या माणसांना घरी जायला कुणी सांगितलंच नाही रे."

अशी वाक्यं ते चहा ओतता ओतता बोलायचे. परीक्षित हसून सोडून द्यायचा.

बेसमेंटमध्ये त्यांनी ग्लिनवेनचा एकेरी मार्ग उभा केला होता. एका टोकाला परीक्षितची सिग्नल केबिन, दुसरं टोक भिंतीपलीकडे, घर तापवणाऱ्या फर्नेसच्या खोलीत, तिथे काका. भिंतीत बोगदा. दर शनिवारी दोघं खेळायला बसायचे, आणि खेळताना तोंडाने बोलायला बंदी, सगळं घंटेवर. एक टोला म्हणजे, आहेस का? चार टोले म्हणजे, गाडी आहे, घेतोस का? तेच चार परत वाजवले की गाडी घेतली. मग दोन टोले, निघाली. सहा म्हणजे, थांबवा, रुळावर काहीतरी आहे. घेतलेल्या गाडीला मागाहून नाही म्हणायचं नाही, ती पोचल्याची घंटा आपण देईपर्यंत ती वाटेतच आहे असं समजायचं. काका या बाबतीत भारी कडक होते.

परीक्षितने आधी विजेचा मेन स्विच बंद केला. मग पक्कड घेऊन वायरी कापल्या, घंटेचीसुद्धा. डोंगर सोडवले, झाडं डब्यात भरली. फर्नेसही बंद होती, त्यामुळे खाली गारठा होता. थोड्या वेळाने त्याला ओल्या लोकरीचा वास आला, आणि त्यामागून कोळशाच्या धुराचा.

तेवढ्यात घंटा वाजली. एक टोला.

दोन वर्षं दर शनिवारी लागलेली सवय. डोक्यात काही यायच्या आत त्याच्या हाताने एक टोला परत दिला. लगेच चार आले. हाताने चार परत दिले.

मग त्याचं लक्ष खाली गेलं. कापलेली वायर त्याच्या बुटाजवळच पडली होती.

भिंतीपलीकडून सावकाश दोन टोले आले.

तो बोगद्याकडे बघत राहिला. काहीच आलं नाही. फोन वाजला तेव्हा तो केवढ्याने दचकला. स्वानंदी होती.

"अरे, मी काकांच्या घरामागच्या ट्रेलपाशी थांबलेय. इथे फाटक कधीपासून आहे?"

"फाटक? तिथे रूळच नाहीत, स्वानंदी. कधीच काढून पायवाट केलीय."

"अरे, मग ही ट्रेन कुठून आली? किती क्यूट आहे... वांगी कलरची. कुठलं हेरिटेज फेस्टिव्हल आहे का?"

"गाडी रिव्हर्स कर," तो म्हणाला. "आत्ता... प्लीज."

"ऐक ना, गार्ड खाली उतरलाय. म्हातारा आहे अगदी. म्हणतोय रस्ता बंद आहे, घरापर्यंत सोडतो..." मागून नैनाचा आवाज आला, "मम्मा, कॅन वी? प्लीज?"

परीक्षितने घंटेवर झडप घातली आणि सहा टोले दिले. परत सहा दिले. पलीकडून उत्तर आलं नाही. फोनमध्ये दार लावल्याचा जड, लाकडी आवाज झाला. मग नुसता वाफेचा फुसकारा... आणि फोन कट झाला.

तो बाहेरच्या बर्फातून धावत सुटला, एक बूट जिन्यातच राहिला. ट्रेलपाशी स्वानंदीची गाडी उभी होती, वायपर चालू, मागच्या सीटवर कोथिंबिरीची पिशवी. गाडीभोवतीच्या बर्फावर एकही पाऊल उमटलेलं नव्हतं.

पोलीस आले, कुत्री आणली. कुत्री ट्रेलवर एका जागी बसली आणि उठेनात. मित्रांनी त्याला घरी न्यायचा प्रयत्न केला, पण परीक्षित बेसमेंटमधून हलायला तयार नाही. त्याचं म्हणणं एकच आहे. गाडी पोचल्याची घंटा त्याने अजून दिलेली नाही, म्हणजे ती वाटेत आहे. वाटेत आहे तोवर त्या दोघी कुठेतरी आहेत. यावर त्याला कुणी काय सांगणार? त्याने वेल्सच्या नकाशावर ग्लिनवेनचं शेवटचं स्टेशनही शोधलं, तिथे आता एक तलाव आहे, गाव पाण्याखाली गेलं. ते कळल्यावर तो दिवसभर रडला. सोमवारी नवे मालक चावी घेतील. नेत्रा फोनवर रडून सांगते, दादा, आता बाहेर या हो.

काल संध्याकाळी पलीकडून घंटा वाजली. परीक्षित दात आवळून बसून राहिला, हात मांडीखाली दाबून. पण हे टोले काकांसारखे नव्हते. कुठल्याच कोडमध्ये बसत नव्हते. एक जोरात, दोन निसटते, मग बराच वेळ काही नाही, मग पुन्हा एक हलका. ज्याचा हात घंटेपर्यंत नीट पोचत नाही, आणि जो टाचा उंचावून वाजवतोय, त्याच्यासारखे.