बारा नंबरची बदली

डनमोर विद्यापीठाच्या फुटबॉल संघाने १६ ऑक्टोबर २०१० रोजी, शनिवारी दुपारी, एकेचाळीस वर्षांनंतर पहिल्यांदा सामना जिंकला.

वरचं वाक्य विद्यापीठाच्या सूचनेवरून रद्द समजावं. असा सामना झालाच नाही. तेव्हा मी दुसरीकडून सुरुवात करतो.

डनमोर हे ऑटावाच्या पश्चिमेला तासाभरावरचं एवढंसं विद्यापीठ. दीड हजार विद्यार्थी, एक कँटीन, आणि मैदानाच्या उत्तर टोकाला मेपलची दाट झाडी. मी तिथे स्टॅटिस्टिक्समध्ये मास्टर्स करत होतो आणि ऑटावाच्या कनाटा या उपनगरात गुणवंत काकांच्या बेसमेंटमध्ये राहत होतो. काका मूळचे नागपूरचे, टेलिकॉममध्ये इंजिनीअर, आणि तिथल्या आंबेडकर असोसिएशनचे कायमचे व्यवस्थापक. जयंतीला हॉलच्या दारात उभं राहून ते डोकी मोजत, आणि इंदुमती काकू त्या आकड्यावर भात टाकत. अकरा वर्षांत भात उरला नव्हता आणि कमीही पडला नव्हता. काकांच्या मोजणीचं हे प्रमाणपत्र वाचकांनी जपून ठेवावं.

त्यांचा मुलगा आयुष डनमोरच्या संघात होता. म्हणजे बाकावर होता. चौथं वर्ष, आणि मैदानावर एक मिनिटही नाही. त्यात हा सीझन संपल्यावर संघच बंद करायचं ठरलं होतं.

"एकदा तरी खेळताना दिसू दे बाप्पा," काका म्हणायचे आणि दर शुक्रवारी कॅमकॉर्डर चार्जिंगला लावायचे.

"डॅड, इट्स फाइन," आयुष म्हणायचा. फाइन नव्हतं. तो प्रत्येक सामन्याआधी बूट पुसायचा, आणि सामन्यानंतर ते तितकेच स्वच्छ घरी आणायचा.

कुठलीही गोष्ट बंद करण्याआधी तिचा इतिहास लिहून घ्यायची इथे पद्धत आहे. ते काम मला मिळालं, कारण माझ्या रेझ्युमेमध्ये 'पुण्यात क्लब क्रिकेटचा स्कोअरर, पाच वर्षं' असं होतं. कॅनडाचा फुटबॉल, म्हणजे लंबगोल चेंडू हातात घेऊन हेल्मेटनिशी पळायचा तो, मला शून्य कळत होता. नियमपुस्तकात लिहिलं होतं: प्रत्येक बाजूला बारा खेळाडू. यातून पुण्याच्या माणसाला जे कळायचं तेच मला कळलं. अकरा खेळणार, बारावा पाणी नेणार.

त्यामुळे पहिले चार सामने मी डनमोरचे मैदानावरचे अकरा मोजले आणि वहीत बिनधास्त टिक केली. पाचव्या सामन्यात कंटाळा आला म्हणून समोरच्यांचे मोजले. बारा. पाणी नेणारे वेगळेच होते.

मी स्टँडमध्ये गेलो. "काका, आपले किती आहेत बघा बरं."

काकांनी ओठ हलवत मोजले. "अकरा." परत मोजले. "अकराच. काऊन?"

रेफ्रीच्या कागदावर मात्र लिहिलेलं होतं: डनमोर, बारा.

मी जुने कागद काढले. १९६९ च्या ऑक्टोबरपासून प्रत्येक रेफ्रीने बारा लिहिले होते. आणि प्रत्येक सामना डनमोर हरलं होतं. तीनशे अठ्ठावीस. संघाच्या प्रत्येक फोटोत मागच्या रांगेत एका माणसाची जागा सोडलेली. बाजूच्या दोघांचे हात त्या जागेत खांद्याच्या उंचीवर टेकलेले, कशावर ते दिसत नव्हतं.

कपडे धुणाऱ्या मिसेस पेल्कींना विचारलं, "बारा नंबरची जर्सी कोण घालतं?"

"कोणी नाही."

"मग धुता कशाला?"

"मळते म्हणून," त्या म्हणाल्या. मला शिकवलेलं सगळं स्टॅटिस्टिक्स या उत्तरापुढे कमी पडलं. त्यांनी जर्सी दाखवली. ओली होती, गार होती, आणि कॉलरला मेपलचं काळं पडलेलं पान चिकटलं होतं. त्या वेळी झाडावरची पानं अजून लाल व्हायची होती.

कोच मॅकनीश चौऱ्याहत्तर वर्षांचे. त्यांच्या खोलीला मलमाचा आणि कालच्या कॉफीचा वास यायचा.

"एकोणसत्तर साली चेंडू झाडीत गेला," ते म्हणाले. "बारा नंबर आणायला गेला."

"मग?"

"मग आम्ही दुसरा चेंडू घेतला."

"आणि तो?"

त्यांनी खिडकीबाहेर पाहिलं. "शोधला. पोलिसांनीही शोधला. पण बघ, मी त्याची बदली केली नव्हती. बाहेर बोलावलं नाही, म्हणजे खेळाडू मैदानावरच. नियम तसाच आहे."

"सर, एक जागा रिकामी आहे. शेवटच्या सामन्यात आयुषला पाठवा."

"रिकामी नाहीये," कोच म्हणाले. पण मी आलेख काढून दाखवले, आणि आलेखापुढे म्हातारी माणसं दमतात.

शेवटचा सामना. बारीक गारा मिसळलेला पाऊस. चौदा-चौदा, मिनिटभर बाकी. कोचनी मान हलवली आणि आयुष धावत मैदानात गेला. स्टँडमध्ये काका उभे राहिले. काकूंनी डब्याची पिशवी छातीशी धरली.

मी मोजले. बारा. आयुष्यात पहिल्यांदा पुरे बारा.

शिट्टी. रेफ्रीचा दंडाचा नारिंगी रुमाल चिखलात पडला.

"टू मेनी मेन. डनमोर. तेरा."

"ओ साहेब! बारा आहेत!" काका मराठीतच ओरडले. "मी मोजले ना!"

दहा यार्ड मागे सरकायची शिक्षा झाली. आयुष अर्ध्या वाटेत थांबला होता, आत की बाहेर ते न कळून. चार वर्षांतली त्याची एकूण खेळी, एक दंड.

कोचनी त्याच्याकडे पाहिलं. मग टोपी काढली, रेषेपर्यंत चालत गेले आणि झाडीकडे तोंड करून, जेवायला हाक मारावी तसे म्हणाले, "ट्वेल्व्ह. कम ऑन आउट, सन."

वारा थांबला. गारा सरळ पडायला लागल्या.

आमचा बाक म्हणजे दोन ठोकळ्यांवर टाकलेली लांब फळी. सगळे उभे होते, एका टोकाला मी एकटा बसलेलो.

दुसरं टोक खाली गेलं.

माझं टोक चार इंच वर आलं. मी वेळ लिहून ठेवली, तीन एकेचाळीस. दुसरं काही सुचलं नाही.

मग पाण्याची बाटली फळीवरून तिकडे सरकवली. हे काम मला येत होतं.

रेफ्रीने बोट फिरवत मोजले. बारा. शिट्टी.

चेंडू उंच आला. आयुषने तो पकडला, दोघांना चुकवलं, तिसऱ्याला घेऊनच रेषेपलीकडे पडला. वीस-चौदा.

काकांच्या कॅमकॉर्डरमध्ये याचं चित्रीकरण आहे. त्यात आकाश, काकांचे बूट आणि "माझा पोरगा, माझा पोरगा" एवढं स्पष्ट आहे.

बाटली रिकामी होती.

परतताना आयुषचा खांदा चोळायला काकू व्हॅनमध्ये मागे बसल्या. मी त्यांच्याही मागे. पुढची सीट रिकामी, आणि सीटबेल्टचा अलार्म पीं-पीं करत होता.

"डब्याचं वजन असेल," काका म्हणाले. डबा माझ्या मांडीवर होता.

तीन किलोमीटरनंतर काकांनी गाडी बाजूला घेतली, त्या सीटचा बेल्ट ओढून लावला. अलार्म थांबला.

घरी पोचल्यावर बेल्ट सोडला तर सीट भिजलेली, आणि तिच्यावर एक चेंडू. चामड्याचा, जुन्या शिवणीचा.

काकू स्वयंपाकघरात गेल्या. "किती ताटं घेऊ?"

आम्ही चौघं होतो. काका दारात उभे होते, ओठ हलवत.

"पाच," ते म्हणाले.

काकूंनी पाच मांडली. भात उरला नाही.

सोमवारी लीगचं पत्र आलं: बदली म्हणून बाहेर आलेला क्रमांक १२ हा १९६९ नंतर कुठल्याही वर्गात दाखल नाही, सबब सामना झालाच नाही असं धरावं. संघ बंद झाला. आयुषच्या नावापुढे आज लिहिलेलं आहे: खेळलेले सामने, शून्य. चिखलाचे बूट त्याने पुसलेले नाहीत.

प्रति, मा. कुलसचिव, डनमोर विद्यापीठ. विषय: प्रलंबित बदलीबाबत. महोदय, सदर सामना झालाच नसल्यास क्रमांक १२ मैदानाबाहेर आलेच नाहीत असे ठरते. तथापि ते सात महिन्यांपासून आमच्या बेसमेंटमध्ये आहेत. तरी नम्र विनंती की, बंद केलेला संघ एका दुपारपुरता पुन्हा सुरू करावा, आयुष यांना बाहेर बोलावून क्रमांक १२ यांना रीतसर आत घ्यावे, आणि आयुष यांचा तो झेल नोंदवावा. हे शक्य नसल्यास निदान चेंडू तरी जमा करून घ्यावा. ड्रायरमध्ये चार वेळा फिरवूनही तो वाळत नाही, आणि तो कोरडा होईपर्यंत क्रमांक १२ निजत नाहीत.